सर्वांत जवळचा पूर्ण वर्ग: बाकी आणि मूळ ताडून पाहण्याची रीत

७८९० या संख्येला सर्वांत जवळची पूर्ण वर्ग संख्या कोणती? बहुतेक विद्यार्थी ८८ चा वर्ग करतात, मग ८९ चा वर्ग करतात, दोन वजाबाक्या मांडतात आणि लहान फरक येईल तो वर्ग निवडतात. उत्तर बरोबर येतं, पण त्यातलं निम्मं काम फुकटचं असतं. खालचा वर्ग वजा करून बाकी हातात आली की वरच्या वर्गाकडे न बघताच निकाल लावता येतो. बाकी मुळाएवढी किंवा मुळापेक्षा लहान असेल तर खालचा वर्ग जवळ. मुळापेक्षा मोठी असेल तर वरचा. ७८९० मधून ८८ चा वर्ग, म्हणजे ७७४४, वजा केला की बाकी १४६. १४६ हे ८८ पेक्षा मोठे, म्हणून जवळचा वर्ग ८९ चा.

पुढे आधी हा नियम का चालतो ते पाहू, मग ८८ पर्यंत पोचायचं कसं ते, आणि शेवटी लोक कुठे घसरतात ते. सगळं कागद-पेन्सिल घेऊन करा. नुसतं वाचून हा विषय हाताला लागत नाही.

तीन शब्द पक्के करा

एखादी पूर्ण संख्या स्वतःशीच गुणली की मिळते ती पूर्ण वर्ग संख्या: ०, १, ४, ९, १६, २५ अशा. दिलेल्या संख्येपेक्षा मोठा नसलेला सर्वांत मोठा वर्ग म्हणजे ‘खालचा वर्ग’, आणि तो ज्या संख्येचा आहे ती ‘खालचं मूळ’. या लेखात नुसतं ‘मूळ’ म्हटलं की हेच खालचं मूळ समजा. त्यात १ मिळवला की वरचं मूळ. दिलेल्या संख्येतून खालचा वर्ग वजा केल्यावर उरते ती बाकी.

दोन शेजारी वर्गांत किती अंतर?

चिंचोके घ्या आणि पाच ओळींत पाच-पाच असे मांडा. २५ चिंचोक्यांचा चौरस झाला. आता तो सहा बाय सहाचा करायचा आहे. उजव्या बाजूला ५ चिंचोके लागतील, खालच्या बाजूला ५, आणि कोपऱ्यात १. एकूण ११. म्हणजे २५ + ११ = ३६. हे कोणत्याही चौरसाला लागू आहे: पुढच्या वर्गापर्यंतचं अंतर मुळाच्या दुपटीपेक्षा १ ने जास्त. हेच सोयीच्या भाषेत सांगायचं तर अंतर म्हणजे खालचं मूळ अधिक वरचं मूळ: ५ + ६ = ११, ८ + ९ = १७, ८८ + ८९ = १७७. ही दुसरी मांडणी लक्षात ठेवा, तोंडी हिशोबात तीच कामाला येते.

या अंतराबद्दल महत्त्वाची गोष्ट ही की ते नेहमी विषम असतं. त्यामुळे दोन वर्गांच्या अगदी मधोमध कोणतीही पूर्ण संख्या बसूच शकत नाही. ‘दोन्ही सारखेच जवळ असतील तर काय करायचं?’ हा प्रश्न त्यामुळे उद्भवतच नाही.

६४ आणि ८१ घ्या. मधल्या संख्या ६५ पासून ८० पर्यंत, एकूण १६. त्यांतल्या पहिल्या आठ, ६५ ते ७२, या ६४ च्या जवळ. उरलेल्या आठ, ७३ ते ८०, या ८१ च्या जवळ. सरहद्द ७२ वर पडली. ७२ पासून ६४ हे ८ ने दूर, ८१ हे ९ ने दूर. बाकी मुळाएवढी म्हणजे ८ येईपर्यंत खालचा वर्ग जिंकतो, आणि ती ९ झाली की वरचा. नियम तो हाच.

आता ७२ म्हणजे काय ते पाहा: ८ × ९. सरहद्द नेहमी खालचं मूळ गुणिले वरचं मूळ इतकी असते. कारण साधं आहे: खालचा वर्ग ८ × ८, त्यात आणखी एकदा ८ मिळवले की ८ × ९. म्हणून पाढे येणाऱ्याला लहान संख्यांसाठी बाकी काढायचीही गरज नाही. सरहद्दी अशा आहेत: २, ६, १२, २०, ३०, ४२, ५६, ७२, ९०. या संख्या स्वतः खालच्या वर्गाकडे जातात, त्यांच्या पुढची संख्या वरच्याकडे. ५६ ला ४९ जवळ, ५७ ला ६४.

जुन्या उजळणीत निमकी, दिडकी, औटकी अशी पाढ्यांची यादी असे. औट म्हणजे साडेतीन. साडेतीन औटं सव्वाबारा होतात, आणि ३ व ४ यांच्या वर्गांमधली सरहद्द १२ आहे. हा योगायोग नाही. कोणत्याही ‘साडे’ संख्येचा वर्ग सरहद्दीपेक्षा बरोबर पावने जास्त असतो: साडेआठचा वर्ग सव्वाबहात्तर, साडेसातचा सव्वाछप्पन्न. ३५ चा वर्ग करताना ३ × ४ = १२ लिहून पुढे २५ जोडायची जी युक्ती सगळ्यांना माहीत असते, तिच्यामागेही हेच आहे.

मूळ कसं शोधायचं

निर्णयाचा नियम सोपा आहे. मेहनत लागते ती खालचं मूळ शोधायला. संख्या केवढी आहे त्यावर रीत निवडावी.

*१०,००० पर्यंत: तोंडी*

१ ते २५ चे वर्ग पाठ असलेच पाहिजेत, याला दुसरा रस्ता नाही. २५ च्या पुढचे मात्र पाठ करत बसू नका, ते बनवता येतात.

५० च्या आसपासच्या संख्येसाठी: ती ५० पेक्षा जितकी जास्त किंवा कमी असेल तितके २५ मध्ये मिळवा किंवा २५ मधून वजा करा. हे झाले शेकडे. त्यांच्यापुढे फरकाचा वर्ग दोन अंकांत लिहा. ४७ हे ५० पेक्षा ३ ने कमी: २५ − ३ = २२, फरकाचा वर्ग ०९, म्हणून २२०९. ५६ साठी ३१ आणि ३६, म्हणजे ३१३६.

१०० च्या जवळच्या संख्येसाठी: १०० ला जितके कमी तितके त्या संख्येतूनच पुन्हा वजा करा. ९७ ला ३ कमी: ९४ आणि ०९, म्हणजे ९४०९.

दोन्हींत एक खाच आहे. फरकाचा वर्ग तीन अंकी आला तर शेकड्याचा हातचा डावीकडे न्यायचा. ३८ साठी २५ − १२ = १३ आणि १४४; लिहायचं १३१४४ नाही, तर १३०० + १४४ = १४४४. ८८ साठी ७६ आणि १४४, म्हणजे ७७४४. उलट फरकाचा वर्ग एक अंकी असला तर पुढे शून्य हवंच. ४७ चा वर्ग २२९ लिहिणारे दर वर्गात भेटतात.

आता प्रत्यक्ष शोध. समजा संख्या ४५०० आहे.

१. दहाच्या पटीतले वर्ग बघा. ६० चा वर्ग ३६००, ७० चा ४९००. मूळ साठ ते सत्तरच्या मध्ये आहे.
२. मधला पाच तपासा. ६५ चा वर्ग ४२२५ (६ × ७ = ४२, पुढे २५). ४५०० त्याच्या वर आहे, म्हणून मूळ ६५ ते ६९ मधलं.
३. तिथून एकेक पाऊल टाका आणि दर वेळी दोन शेजारी मुळांची बेरीज मिळवत जा. ४२२५ + (६५ + ६६) = ४३५६, हा ६६ चा वर्ग. ४३५६ + (६६ + ६७) = ४४८९, हा ६७ चा. आणखी १३५ मिळवले तर ४६२४, म्हणजे ४५०० च्या पलीकडे. थांबा.
४. मूळ ६७, बाकी ४५०० − ४४८९ = ११. हे ६७ पेक्षा लहान. जवळचा वर्ग ४४८९.

संख्या वरच्या दशकाच्या जवळ असेल तर वरून खाली या. ७८९० साठी ९० चा वर्ग ८१००; त्यातून ९० + ८९ = १७९ वजा केले की ७९२१, हा ८९ चा. तो ७८९० पेक्षा मोठा आहे, म्हणून आणखी ८९ + ८८ = १७७ वजा करा: ७७४४. दोन्ही शेजारी सापडले. शेवटी ० किंवा ५ असलेल्या सर्वांत जवळच्या मुळापासून कोणत्याही मुळापर्यंत फार तर दोन पावलं लागतात, हे ध्यानात घेतलं तर एक-एक वर्ग करून बघण्याची सवय आपोआप सुटते.

*१०,००० च्या पुढे: भागाकार पद्धत*

इथे अंदाजावर विसंबू नका. ५६७८९ घेऊ.

१. उजवीकडून दोन-दोन अंकांच्या जोड्या पाडा: ५ | ६७ | ८९. डावीकडे एकटा अंक उरला तरी तो एक गट. जितके गट तितके मुळाचे अंक, इथे तीन.
२. पहिल्या गटात मावणारा सर्वांत मोठा वर्ग ४, मूळ २. ५ − ४ = १ उरला.
३. पुढची जोडी खाली घ्या: १६७.
४. आतापर्यंतच्या मुळाची दुप्पट करा: ४. त्याच्यापुढे एक अंक असा लिहा की तयार झालेली संख्या त्याच अंकाने गुणल्यावर १६७ च्या आत राहील. ४३ × ३ = १२९ बसतं, ४४ × ४ = १७६ बसत नाही. अंक ३. उरले १६७ − १२९ = ३८.
५. पुढची जोडी घ्या: ३८८९. आतापर्यंतचं मूळ २३, दुप्पट ४६. ४६८ × ८ = ३७४४ बसतं, ४६९ × ९ = ४२२१ बसत नाही. अंक ८. उरले १४५.

मूळ २३८, बाकी १४५. बाकी मुळापेक्षा लहान, म्हणून जवळचा वर्ग ५६७८९ − १४५ = ५६६४४. खालचा वर्ग काढायला २३८ × २३८ असा गुणाकार करायची गरज नाही, हे पाहिलंत ना? दिलेल्या संख्येतून बाकी वजा केली की तो मिळतो.

दुप्पट का करायची? मुळाचा आधीचा भाग अ आणि नवा अंक ब धरला तर संख्या १० × अ + ब होते. तिच्या वर्गातला १०० × अ × अ एवढा भाग आधीच वजा झालेला असतो. उरतं ते (२० × अ + ब) × ब. अ ची दुप्पट लिहून पुढे ब जोडणं म्हणजेच २० × अ + ब. आणि जोड्या का पाडायच्या, तर १० चा वर्ग १०० आहे. मुळात एक स्थान वाढलं की वर्गात दोन स्थानं वाढतात. ही कल्पना फार जुनी आहे. आर्यभटाने इ.स. ४९९ च्या सुमारास वर्गमुळाची रीत सांगताना एकाआड एक स्थानांना वर्गस्थान आणि अवर्गस्थान म्हटलं होतं.

शून्य येणारं उदाहरण मुद्दाम करून ठेवा, कारण परीक्षेत नेमकं तिथेच अडतं. ४१०००: गट ४ | १० | ००. पहिला अंक २, उरले ०. पुढची जोडी घेतली: १०. दुप्पट ४, पण ४१ × १ सुद्धा १० मध्ये मावत नाही. म्हणून मुळात ० लिहायचं, आणि पुढची जोडी घ्यायची: १०००. मूळ आता २०, दुप्पट ४०. ४०२ × २ = ८०४ बसतं, ४०३ × ३ = १२०९ बसत नाही. मूळ २०२, बाकी १९६. मूळ आणि बाकी जवळजवळ सारखी! पण १९६ हे २०२ पेक्षा लहानच, म्हणून खालचा वर्ग ४०८०४. वरचा वर्ग ४१२०९ आहे, तो २०९ ने दूर. अशा वेळी डोळ्यांना दोन्ही सारखे वाटतात. तुलना मात्र चुकत नाही.

*साध्या कॅल्क्युलेटरवर*

√ चं बटण असेल तर ते दाबा, आलेलं उत्तर जवळच्या पूर्ण संख्येत घ्या आणि तिचा वर्ग करा. ५६७८९ साठी २३८.३… येतं, म्हणून २३८. ही पळवाट नेहमी बरोबर ठरते, कारण पूर्ण संख्येचं वर्गमूळ कधीच बरोबर ‘साडे’ येत नाही. साडेचा वर्ग वर पाहिल्याप्रमाणे पाव घेऊन येतो.

√ नसेल तर अंदाज आणि भागाकार यांची सरासरी घ्या. ३,००,००० साठी गट ३० | ०० | ००, म्हणजे मूळ तीन अंकी आणि ५ ने सुरू. अंदाज ५५०. ३,००,००० ÷ ५५० = ५४५.४५. दोन्हींची सरासरी ५४७.७. जवळची पूर्ण संख्या ५४८, तिचा वर्ग ३,००,३०४. ही सरासरी खऱ्या वर्गमुळापेक्षा कधीच कमी येत नाही, थोडी जास्तच येते. अंदाज चांगला असेल तर हा फरक नगण्य असतो, पण सरासरी ‘साडे’च्या आसपास आली तर तिच्यावर विश्वास ठेवू नका. ७२ साठी अंदाज ९ घ्या: ७२ ÷ ९ = ८, सरासरी ८.५. याला ९ करून ८१ लिहिलं तर चूक.

कुठे चुकतं आणि का

*दोनदा पूर्णांकन.* कॅल्क्युलेटरने √७२ = ८.४८५ दाखवलं. कोणी ते आधी ८.५ केलं आणि मग ९. उत्तर ८१, चुकीचं. √५६ = ७.४८३ चंही तेच होतं. सरहद्दीवरच्या संख्यांचं वर्गमूळ ‘साडे’च्या किंचित खाली असतं, आणि संख्या मोठी होत जाते तसं ते साडेला आणखी चिकटतं: २,५०,५०० चं वर्गमूळ ५००.४९९७… आहे. म्हणून पूर्णांकन एकदाच, थेट पूर्ण संख्येत. शंका आली तर दोन शेजारी मुळांचा गुणाकार करून पाहा: ५०० × ५०१ = २,५०,५००. संख्या सरहद्दीपलीकडे गेलेली नाही, म्हणून २,५०,०००.

*दशकांच्या मधोमध मूळही मधोमध धरणं.* १०० आणि ४०० यांच्या मध्ये २५० आहे, म्हणून २५० चं मूळ १५ असेल, असं वाटतं. १५ चा वर्ग २२५. वर्गांमधली अंतरं पुढे वाढत जातात, त्यामुळे मूळ अशा सरळ अंदाजापेक्षा नेहमी जरा मोठं निघतं. हा परिणाम लहान संख्यांत जास्त जाणवतो. ६० ते ७० च्या पट्ट्यात मधोमध ४२५० आहे आणि ६५ चा वर्ग ४२२५, फरक तेवढाच २५ चा, पण तिथे २५ ला फारसं वजन नाही.

*बाकी प्रमाणाबाहेर.* बाकी मुळाच्या दुपटीपेक्षा मोठी कधीच असू शकत नाही. ७८९० साठी कोणी ८७ वर थांबलं तर बाकी ३२१ येते. ८७ ची दुप्पट १७४. म्हणजे अजून एक मूळ वर जायला जागा आहे. भागाकार पद्धतीत दर पायरीला ही तपासणी करता येते आणि ती करावीच.

*डावीकडून जोड्या पाडणं.* ५६७८९ चे गट ५६ | ७८ | ९ असे केले की मूळ ७ ने सुरू होतं. ७०० चा वर्ग सहा अंकी, ४,९०,००० आहे, एवढं नुसतं आठवलं तरी चूक पकडता येते.

*शेवटच्या अंकाचा चुकीचा वापर.* पूर्ण वर्गाचा एकक अंक ०, १, ४, ५, ६ किंवा ९ असतो. २, ३, ७, ८ कधीच नाही. ही कसोटी फक्त नाकारण्यासाठी आहे. ७८९४ चा एकक अंक ४ असला म्हणून तो वर्ग होत नाही. पण स्वतःचं उत्तर तपासायला ती उत्तम: जवळचा वर्ग म्हणून ७९२७ आला तर कुठेतरी बेरीज चुकलीच आहे. आणखी थोडी कडक तपासणी हवी असेल तर दशक अंक बघा. एकक १, ४ किंवा ९ असेल तर दशक सम हवा, एकक ६ असेल तर विषम, एकक ५ असेल तर दशक २ च. वरचे ७७४४, ७९२१, ३१३६, ५६६४४ या सगळ्यांवर लावून पाहा.

प्रश्न नेमकं काय विचारतो?

शिष्यवृत्तीपासून पोलीस भरतीपर्यंतच्या प्रश्नपत्रिकांत हा विषय वेगवेगळ्या वेशात येतो. गणित येत असूनही गुण जातात ते प्रश्न उलटा वाचल्यामुळे. ७२ वरच सगळे प्रकार पाहू.

‘लहानात लहान कोणती संख्या वजा केली असता पूर्ण वर्ग मिळेल?’ याचं उत्तर बाकी, ८. ‘लहानात लहान कोणती संख्या मिळवावी?’ याचं उत्तर अंतरातून बाकी वजा करून: ८ + ९ − ८ = ९. ‘सर्वांत जवळची पूर्ण वर्ग संख्या कोणती?’ तर ६४. आणि ‘लहानात लहान कोणत्या संख्येने गुणावं?’ हा प्रश्न या विषयाचाच नाही. तिथे मूळ अवयव पाडायचे: ७२ = २ × २ × २ × ३ × ३, एक २ एकटा राहतो, म्हणून २ ने गुणावं, १४४ मिळतात. ‘भागावं’ असेल तरी उत्तर २, वर्ग ३६.

पहिल्या दोन प्रकारांत पर्यायांमध्ये ८ आणि ९ दोन्ही हमखास दिलेले असतात. ‘मिळवावी’ की ‘वजा करावी’ या शब्दाखाली रेघ ओढून मगच आकडेमोड सुरू करा.

‘चार अंकी सर्वांत मोठी पूर्ण वर्ग संख्या’ विचारली तर ९९९९ वर भागाकार पद्धत चालवा: मूळ ९९, बाकी १९८. जवळचा वर्ग १०,००० आहे, पण तो पाच अंकी. इथे जवळचा नको, खालचा हवा: ९८०१. ‘चार अंकी सर्वांत लहान’ असेल तर १००० घ्या: मूळ ३१, बाकी ३९. ३१ चा वर्ग ९६१ तीन अंकी, म्हणून वरचा, १०२४.

कवायतीचे आणि झाडांचे प्रश्न म्हणजे हेच सगळं गोष्टीच्या कपड्यांत. २००० रोपं अशी लावायची की जितक्या ओळी तितकीच प्रत्येक ओळीत रोपं. ४४ चा वर्ग १९३६. ६४ रोपं उरतील. ४५ चा वर्ग २०२५. २५ रोपं कमी पडतील. ‘किती उरतील’ विचारलं तर ६४, ‘आणखी किती लागतील’ विचारलं तर २५. कोणता वर्ग जवळ आहे याचा इथे उत्तराशी संबंध नाही.

जवळचा वर्ग हवाच कशाला?

दशांशातलं वर्गमूळ पटकन काढायला. जवळच्या वर्गाचं मूळ घ्या. दिलेली संख्या आणि तो वर्ग यांच्यातल्या फरकाला मुळाच्या दुपटीने भागा. संख्या वर्गापेक्षा मोठी असेल तर मिळवा, लहान असेल तर वजा करा. ७८९० साठी: ८९ − ३१ ÷ १७८ = ८८.८२६. खरं उत्तर तीन दशांश स्थळांपर्यंत हेच आहे. आता जवळचा सोडून खालचा वर्ग घेतला असता तर ८८ + १४६ ÷ १७६ = ८८.८३० आलं असतं. फरक लहान दिसतो, पण तीन दशांश स्थळांपर्यंत उत्तर मागितलं असेल तर तेवढ्यानेच उत्तर चुकतं. फरक जितका कमी तितकी चूक कमी, आणि ती फरकाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. म्हणून निवड महत्त्वाची.

करून पाहा

खालच्या संख्यांना सर्वांत जवळची पूर्ण वर्ग संख्या काढा. वरचा वर्ग न काढता, बाकी आणि मूळ ताडून निर्णय घ्या.

११०, २४०, १०००, ३०००, ८०००, ९९००, १,००,०००

उत्तरं अशी. ११० ला १००. २४० ला २२५. १००० ला १०२४ (मूळ ३१, बाकी ३९). ३००० ला ३०२५ (मूळ ५४, बाकी ८४). ८००० ला ७९२१ (मूळ ८९, बाकी ७९). १,००,००० ला ९९८५६ (मूळ ३१६, बाकी १४४).

९९०० वर बरेच जण १०,००० लिहितात, कारण तो पूर्ण शेकड्यांचा आकडा डोळ्यांसमोर असतो आणि १०० चं अंतर कमी वाटतं. पण ९९०० म्हणजे ९९ × १००, बरोबर सरहद्द. बाकी ९९, मूळ ९९. उत्तर ९८०१.